दगडांच्या रानातला गारगोट्या

ॲरिझोनात राहणाऱ्या मराठी कुटुंबाच्या नशिबी ग्रँड कॅनियन लिहिलेलंच असतं. देशातून कुणी आलं, की जेट-लॅग उतरायच्या आत गाडी उत्तरेला लागते. आम्ही आत्तापर्यंत अकरा वेळा जाऊन आलो. कठड्यापाशी पाहुण्यांच्या तोंडून ‘अबब’ कधी निघणार, फोटो कुठे काढायचा आणि चिवड्याचा डबा कुठल्या बाकावर उघडायचा, हे सगळं आता आम्हाला पाठ आहे. त्यामुळे गेल्या मार्चमध्ये नाना, म्हणजे आमचे वडील, म्हणाले, “ते मोठं खिंडार मागच्या खेपेला पाहिलंय रे, दुसरं काही असेल तर दाखवा,” तेव्हा आम्हाला मनातून आनंदच झाला. दुसरं काय दाखवायचं हे मात्र आमच्या चिरंजीवांनी ठरवलं. ईशान म्हणाला, “आजोबांना गारगोट्याचं घर दाखवू या.”

आता हा गारगोट्या कोण, ते आधी सांगायला हवं.

पाच वर्षांपूर्वी नाना आणि आई आमच्याकडे आले, तेव्हा नानांच्या बॅगेत लोणच्याच्या बरणीशेजारी रुमालात बांधलेल्या दोन गारगोट्या होत्या. सिन्नरजवळच्या आमच्या मळ्यातल्या, चिंचेएवढ्या, दुधी रंगाच्या. तुमच्यापैकी अनेकांनी लहानपणी हा खेळ केला असेल. अंधारात पांघरुणाखाली दोन गारगोट्या एकमेकींवर जोरात घासायच्या, की आतल्या आत पिवळसर उजेड चमकतो आणि जळका वास येतो. पहिल्याच रात्री नानांनी नातवाला गोधडीखाली घेतलं आणि म्हणाले, “बघ हं, गारगोट्या!” उजेड चमकला. पाच वर्षांच्या ईशानने दबक्या आवाजात विचारलं, “कोण गारगोट्या?”

बाळ्या, पक्या, तसा गारगोट्या! अमेरिकेत वाढणाऱ्या पोराला अनेकवचन कसलं आणि काय! दगडाच्या आत कुणीतरी राहतो, त्याचं नाव गारगोट्या आणि घासलं की तो डोळे मिचकावतो, असा त्याने अर्थ लावला. आम्ही व्याकरण सुधारायला निघालो होतो, पण आई म्हणाली, “राहू दे रे. छान आहे की.” मग तो राहिला तो राहिलाच.

पुढे ईशानच्या वाढीबरोबर गारगोट्याही वाढत गेला. त्याच्यासाठी एक वही झाली. त्याला सहा पाय आले, कारण क्वार्ट्झचा स्फटिक षट्कोनी असतो हे सौ.ने सांगितलं. तो मोकळ्या रानात राहत नाही, माणसाने बांधलेल्या दगडी भिंतीत राहतो. भिंत त्याला अंधार देते, पावसाचं झिरपलेलं पाणी देते. त्या पाण्यातून तो बारीक धागे विणतो आणि भिंतीच्या भेगा सांधतो. तो नसेल तर भिंत ढासळते आणि त्याला भिंतीबाहेर काढलं तर त्याचा उजेड जातो. वहीत हा नियम लाल पेन्सिलीने लिहिलेला आहे.

याला शास्त्रात सहजीवन म्हणतात, हे समजावण्यासाठी सौ.ने गोड्या मसाल्याचा डबा पुढे केला होता. त्यातलं दगडफूल म्हणजे फूल नव्हेच. बुरशी आणि शेवाळ या दोघांचा तो एकत्र संसार. शेवाळ उन्हात अन्न तयार करतं, बुरशी त्याला घर आणि ओल देते, आणि दोघं मिळून उघड्या खडकावर तग धरतात. ईशानने एक दगडफूल वहीत चिकटवलं. अजून त्या पानाला आमटीचा वास येतो.

आमच्यातला इंजिनियर अशा वेळी गप्प बसत नाही. फीनिक्सजवळ चँडलरला आम्ही नोकरी करतो ती चिप बनवण्याच्या धंद्यात, म्हणजे आमचं पोट मुळी गारगोटीवरच चालतं. क्वार्ट्झ भट्टीत कोळशाबरोबर तापवून सिलिकॉन काढायचं, ते शुद्ध करायचं, १४१४ अंशांना वितळवून त्यातून एकसंध स्फटिकाचा दंडगोल हळूहळू वर ओढायचा आणि त्याच्या चकत्या करायच्या. सिलिकॉनला कार्बनसारखेच चार हात, मग सिलिकॉनचा प्राणी का नसावा, हा प्रश्न जुनाच आहे. १९६७ सालच्या स्टार ट्रेकच्या एका भागात खडक पोखरत राहणारा असा हॉर्टा नावाचा प्राणी आहे. एम.एस. करताना आम्ही तो रात्री दोन वाजता, असाइनमेंट सोडून पाहिला होता. अडचण एवढीच की कार्बन ऑक्सिजनशी मिळाला तर वायू होतो, तो आपण श्वासावाटे सोडून मोकळे होतो. सिलिकॉन ऑक्सिजनशी मिळाला तर वाळू होते. “म्हणजे तुझ्या गारगोट्याने श्वास सोडला की नाकातून वाळू पडणार,” असं आम्ही सांगितलं. ईशानने शांतपणे वहीत लिहिलं : ‘तो श्वास सोडतो तेव्हा वाळू पडते. म्हणून जुन्या भिंतीखाली वाळू असते.’

पुढे आमच्याकडे युक्तिवाद उरला नाही.

दोन वर्षांपूर्वी आई गेली. नाना सिन्नरच्या घरात एकटे राहू लागले. या डिसेंबरात आम्ही त्यांना हट्टाने बोलावून घेतलं, आणि खरं सांगायचं तर परत पाठवायचं नाही असं मनात ठरवूनच. ग्रीन कार्डाचे फॉर्म आणून ठेवले होते. नाना त्यावर ‘बघू’ म्हणत. ते पाटबंधारे खात्यात ओव्हरसियर होते. सरकारी खात्यातल्या ‘बघू’चा अर्थ आम्हाला कळायला हवा होता.

तर असे आम्ही चौघं स्प्रिंग ब्रेकच्या सुट्टीत निघालो. पेसनच्या रस्त्याने होलब्रुकपर्यंत तीन-साडेतीन तास लागतात. पहिला तासभर हात वर करून उभे असलेले निवडुंग, मग चढण लागली की पाइनची झाडी, आणि मोगोयॉन रिम ओलांडून खाली उतरलं की पुन्हा ओसाड, सपाट माळ. नाना म्हणाले, “हे तर आपल्या नांदूर-शिंगोट्याकडे चाललोय असं वाटतंय.” होलब्रुकच्या पुढे वीसेक मैलांवर पेट्रिफाइड फॉरेस्ट नॅशनल पार्कचं दक्षिणेचं फाटक आहे. फाटकाबाहेर या दगडी लाकडाची दुकानं आहेत. खाजगी जमिनीतून काढलेलं लाकूड कायदेशीर विकतात. मुठीएवढ्या तुकड्यापासून जेवणाच्या टेबलापर्यंत सगळं. आम्ही नानांना म्हटलं, घ्या एखादा. नाना म्हणाले, “दगडाला पैसे?” आणि गाडीत जाऊन बसले. हा प्रसंग लक्षात ठेवावा, पुढे लागणार आहे.

फॉरेस्ट म्हणतात, पण उभं झाड एकही नाही. राखाडी, जांभळट मातीच्या उघड्या टेकड्या आणि त्यांच्यावर आडवे पडलेले शेकडो ओंडके. लांबून लाकडाच्या वखारीत आल्यासारखं वाटतं. साल दिसते, गाठी दिसतात. जवळ जाऊन हात लावला तर थंडगार दगड. आणि कापलेल्या तोंडाशी लाल, पिवळा, जांभळा, काळा, पांढरा असे रंग, जणू कुणी ओंडक्याच्या आत रांगोळी घातलीय. लाल-पिवळा लोखंडाचा, काळपट जांभळा मँगनीजचा, पांढरा म्हणजे निव्वळ गार.

हे झालं कसं, ते नानांना फार नीट समजून घ्यायचं होतं. एकवीस-बावीस कोटी वर्षांपूर्वी हा प्रदेश विषुववृत्ताजवळ होता आणि इथून मोठ्या नद्या वाहत होत्या. उन्मळलेली झाडं पुरात वाहून आली, गाळात गाडली गेली. गाळात ज्वालामुखीची राख मिसळलेली. हवा नाही, म्हणून लाकूड कुजायला वेळ लागला. तेवढ्यात भूजलाने राखेतली सिलिका विरघळवून लाकडात आणून सोडली आणि कणाकणाने लाकडाच्या जागी क्वार्ट्झ बसला. झाड गेलं, त्याचा साचा स्फटिकाचा झाला. घनफुटाला सत्तर ते नव्वद किलो वजन. ओंडक्यांचे करवतीने कापल्यासारखे सरळ तुकडे दिसतात तेही कुणी कापलेले नाहीत. क्वार्ट्झ कडक पण ठिसूळ. जमीन उचलली गेली तेव्हा ताण पडून ते खडूसारखे मोडले.

“म्हणजे आपल्या विहिरीतल्यासारखंच,” नाना म्हणाले. आमच्याकडे विहिरीला सुरुंग लावला की काळ्या पाषाणात पोकळ्या निघतात आणि त्यांच्या आत पांढरे, हिरवट स्फटिक. लाव्हारस थिजताना अडकलेल्या वायूचे ते बुडबुडे. पुढे लाखो वर्षं पाणी झिरपून ते असेच भरले. जगभरच्या संग्रहालयांत आपल्याकडचे हे झिओलाइट मानाने मांडलेले असतात, आणि सिन्नरला तर ‘गारगोटी’ याच नावाचं खनिजांचं संग्रहालय आहे. नोकरीत असताना नाना साइटवरून येताना असा एखादा खडा खिशात घालून आणायचे. आई तो तुळशीच्या कट्ट्यावर मांडायची. तिथे एक रांगच झाली होती.

फाटकाच्या आत रेनबो फॉरेस्ट म्युझियम आहे. त्याच्या मागेच ‘ओल्ड फेथफुल’ नावाचा सर्वांत थोराड ओंडका. १९६२ साली त्याच्यावर वीज पडली आणि फुटलेले तुकडे पार्कवाल्यांनी मसाल्याने पुन्हा जोडले. मेल्यावर बावीस कोटी वर्षांनी झाडावर वीज पडावी, याचं नानांना फार नवल वाटलं. “नशिबात असतं ते चुकत नाही,” म्हणाले.

पण म्युझियममधली खरी पाहण्यासारखी गोष्ट म्हणजे पत्रं. इथून लाकडाचा तुकडा उचलून नेणाऱ्या लोकांना घरी गेल्यावर टोचणी लागते आणि ते तो टपालाने परत पाठवतात, सोबत पत्र. कुणाची नोकरी गेली, कुणाचं लग्न मोडलं, कुणाची गाडी बंद पडली, आणि सगळ्याचा दोष त्या दगडाला. काही पत्रं मांडून ठेवली आहेत. ईशान एकेक वाचून आजोबांना मराठीत सांगत होता. घटस्फोटाला त्याने ‘लग्न तुटलं’ म्हटलं ते ठीक, पण एकाचा ‘कुत्रा पण आजारी पडला’ म्हणताना त्याचा आवाज बदलला. नाना हसले. “दगडाला काय पडलीय कुणाच्या कुत्र्याची?”

आलेल्या दगडांचं पार्क काय करतं? पुन्हा रानात ठेवत नाही. तुकडा नेमका कुठल्या जागेचा, कुठल्या थरातला, हे कळायला मार्ग नसतो आणि भलतीकडे ठेवला तर संशोधकांची दिशाभूल होते. म्हणून आतल्या एका रस्त्यालगत अशा परत आलेल्या दगडांचा ढीग आहे. त्याला विवेकाचा ढीग म्हणतात. ईशानला हे अजिबात पटलं नाही. “पण त्यांना घरी जायचं असेल ना?”

तिथून चालत गेलो अगेट हाउसला, म्हणजे ज्यासाठी आलो होतो तिथे. जाऊन-येऊन दोन मैल. नानांचं वय चौऱ्याहत्तर, पण साइटवर चालून घोटलेले पाय. उघड्या टेकाडावर आठ खोल्यांचं छोटं घर. प्युब्लो लोकांच्या पूर्वजांनी इ.स. १०५० ते १३०० च्या दरम्यान कधीतरी बांधलेलं, आणि भिंती सगळ्या या दगडी लाकडाच्या. १९३० च्या दशकात त्याचा काही भाग पुन्हा उभारला, त्यामुळे एक खोली आज पूर्ण उंचीची दिसते. ऊन कलतं होतं. लाल, पिवळे, मेणासारखे चिरे मातीत बसवलेले आणि त्यांच्यावर ठिकठिकाणी चमक. घर चमकतंय असं घर आम्ही पहिल्यांदाच पाहिलं.

ईशान काही बोलला नाही. कुंपणाच्या अलीकडे उकिडवा बसून तो भिंतीच्या पायाशी बघत होता. मग हळूच म्हणाला, “वाळू आहे.”

वाळवंटात वाळू असणारच, हे वाक्य आमच्या जिभेवर आलं होतं. सौ.ने आमच्याकडे पाहिलं. आम्ही ते गिळलं.

नाना भिंतीकडे वेगळ्याच नजरेने बघत होते. “ओळंब्यात नाही,” म्हणाले, “पण सांधमोड बरोबर केलीय. बघ, एकाच्या सांध्यावर दुसऱ्याचं पोट. करवत चालत नाही अशा दगडाला, जसा मिळेल तसा लावायचा. चिखलात दर्जा भरल्यात. कसबी माणूस होता.” मग ईशानच्या शेजारी गुडघ्यावर हात टेकून वाकले आणि गंभीरपणे म्हणाले, “एकट्या चिखलावर हजार वर्षं भिंत राहत नाही. तुझा माणूस असणार आत.”

तो दिवस तिथेच संपला असता तर हा लेख लिहायची वेळ आली नसती.

पुढे क्रिस्टल फॉरेस्ट लागलं. पाऊण मैलाची फेरी. इथल्या पोकळ ओंडक्यांत एकेकाळी जांभळ्या ॲमेथिस्टचे नि धुरकट क्वार्ट्झचे मोठाले स्फटिक होते. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीला रेल्वे आली तसे खडे शोधणारे आले आणि त्यांनी सुरुंग लावून ओंडके फोडले. पॉलिशची पूड करण्यासाठी हे लाकूड दळायला जवळच एक गिरणीसुद्धा उभारली होती. तेव्हा लोक जागे झाले, १८९५ मध्ये ॲरिझोना टेरिटरीच्या विधिमंडळाने संरक्षणासाठी अर्ज केला आणि अखेर ८ डिसेंबर १९०६ रोजी थिओडोर रूझवेल्टनी याला राष्ट्रीय स्मारक जाहीर केलं. १९६२ मध्ये त्याचं नॅशनल पार्क झालं. नाव क्रिस्टल फॉरेस्ट, पण क्रिस्टल बहुतेक गेलेले. उरलेत ते फुटलेले ओंडके आणि पायवाटेच्या दोन्ही बाजूंना पसरलेले चमकते तुकडे. नाना इथे जरा मागे राहिले. आम्हाला वाटलं, दमले.

अगेट ब्रिजपाशी तर ते बराच वेळ उभे होते. एकशे दहा फुटांचा अख्खा ओंडका, त्याच्या खालची माती वाहून ओघळ झालेला, आणि ओंडका दोन्ही काठांवर पुलासारखा टेकलेला. तो मोडू नये म्हणून १९१७ मध्ये त्याच्याखाली काँक्रीटचा पट्टा घातला. दिसायला तो कुबडीसारखा दिसतो, हे कबूल करायला हवं. तिथल्या पाटीवर पार्कवाल्यांनी प्रामाणिकपणे लिहिलंय, की हा ओंडका आज सापडला असता तर त्याला टेकू दिला नसता, निसर्गावर सोडला असता. आम्ही ते नानांना वाचून दाखवलं आणि इंजिनियरच्या बाण्याने वर म्हटलं, “पण टेकू नसता तर एव्हाना पडलाही असता.”

“पडला असता,” नाना म्हणाले. थोड्या वेळाने म्हणाले, “टेकू देणाऱ्याचं चुकलं असं नाही. त्याला बघवलं नसेल.”

ब्लू मेसाच्या निळ्या-जांभळ्या टेकड्या, न्यूजपेपर रॉकवरची सहाशेहून जास्त कोरीव चित्रं, रूट ६६ ची आठवण म्हणून उभी केलेली १९३२ ची स्टुडबेकर, हे सगळं पाहिलं. ते सुंदर आहे आणि त्याचे फोटो कुठेही मिळतील. रात्री होलब्रुकला राहिलो, दुसऱ्या दिवशी घरी.

त्यानंतरच्या शनिवारी सौ.ने कपडे ड्रायरमध्ये टाकले आणि आतून खडखडाट सुरू झाला. नाणं असेल म्हणून दार उघडलं तर नानांच्या पँटीच्या खिशातून एक तांबडा दगड. दीड इंचाचा, एका अंगाला पांढरी गार.

ईशान तिथेच उभा होता. त्याने दगड ओळखला आणि रडायलाच लागला. अकरा वर्षांचा मुलगा, आता रडताना दार लावून घेतो. तो स्वयंपाकघरात सगळ्यांसमोर रडला. “आजोबा, तुम्हाला मी सगळी लेटर्स वाचून दाखवली होती!”

नाना हातातला चहा खाली ठेवून उभे राहिले. सत्तेचाळीस वर्षांत वडिलांना आम्ही असं उभं राहिलेलं पाहिलं नव्हतं. खात्यात असताना सिमेंटची गोणी घरी न आणणारा हा माणूस. त्यांच्या हाताखालचे लोक त्यावरून त्यांना हसायचे, म्हणून घराच्या मागच्या पडवीला गिलावा व्हायला सात वर्षं लागली.

“विकत मिळत होता की, नाना,” आमच्या तोंडून निघून गेलं. ते म्हणायला नको होतं.

“विकतचा नको होता,” नाना म्हणाले. “साइटवरून उचलूनच आणायचो ना मी. सवयीनं हात गेला. खिशात घातल्यावर आठवलं, की घरी कुणी नाही. मग परत ठेवायचं जिवावर आलं.” जरा थांबून म्हणाले, “म्हटलं, नेऊन तुळशीपाशी ठेवीन. रांगेत.”

सौ. हळूच म्हणाली, “नाना, आपल्या इथे पण आहे तुळस. कुंडीत.”

“ती तुझी आहे, सूनबाई. चांगली वाढवलीस.”

कुणी काही बोललं नाही. रात्री सौ. आम्हाला म्हणाली, “अहो, ते फॉर्म ड्रॉवरमधून काढा आता. राहणारा माणूस आठवण म्हणून दगड कशाला उचलेल?”

आम्हाला राग आला होता, हे लिहून टाकतो. दगडाचा नव्हे. आम्ही सगळं केलं होतं, वेगळी खोली, न्हाणीघरात धरायला दांडा, मराठी चॅनेल, मंडळाच्या ज्येष्ठांच्या भेटी. एवढं करून हा माणूस डिसेंबरपासून मनात परतीचं तिकीट धरून बसला होता आणि आम्हाला ‘बघू’ म्हणत होता. दोन दिवस आम्ही त्यांच्याशी कामापुरतं बोललो. नानांनीही तेवढंच उत्तर दिलं.

त्या दोन दिवसांत आम्ही या चोऱ्यांबद्दल मिळेल ते वाचून काढलं. त्यातली एक गोष्ट सांगण्यासारखी आहे. ॲरिझोना स्टेट युनिव्हर्सिटीचे रॉबर्ट चाल्डिनी यांनी याच पार्कात एक प्रयोग केला होता. पायवाटांवर खुणेचे तुकडे टाकून ठेवले आणि दोन तऱ्हेच्या पाट्या लावल्या. ‘पूर्वी अनेकांनी लाकूड नेल्यामुळे जंगलाचं रूप बदललं’ अशी पाटी होती तिथे जवळपास ८ टक्के तुकडे गेले. ‘कृपया लाकूड नेऊ नका’ एवढीच पाटी होती तिथे दोन टक्क्यांहूनही कमी. म्हणजे सगळेच नेतात असं सांगितलं की माणसाला नेण्याचा धीर येतो. नानांना हे सांगितलं तर ते म्हणाले, “माझा हात पाटीमुळे गेला नाही.” एवढ्यावर आमचं बोलणं पुन्हा सुरू झालं.

नानांचं म्हणणं होतं, गाडी काढ, जाऊ या, मला जागा आठवते, पायवाटेच्या डाव्या हाताला तिसरा मोठा ओंडका, त्याच्या मुळाकडच्या बाजूला. पार्कला फोन केला. पलीकडच्या बाई फार सौजन्याने बोलल्या. पाठवून द्या म्हणाल्या, पण तो जागेवर ठेवता येणार नाही, नियम सर्वांना सारखा. ईशान फोनला कान लावून होता. “पण आजोबांना जागा माहीत आहे!”

नानांनी त्याला थांबवलं. “त्यांचं बरोबर आहे. उद्या कुणीही येईल आणि म्हणेल मला जागा आठवते. खातं असं चालत नाही.”

त्याच संध्याकाळी नानांनी पत्र लिहिलं. चाळीस वर्षांच्या नोकरीतल्या अक्षरात, डावीकडे समास सोडून. खाली ईशानने इंग्रजी भाषांतर केलं. मूळ असं :

‘मा. अधीक्षकसाहेब यांस, स. न. वि. वि. आपले उद्यानातील क्रिस्टल फॉरेस्ट या ठिकाणाहून दि. १३ मार्च रोजी दुपारी मी एक नग दगड (लांबी अंदाजे दीड इंच, रंग तांबडा, एका अंगास पांढरी गार) उचलला. पाटी वाचलेली होती. सबब चूक अजाणता झाली असे म्हणता येत नाही. माझे मुलाचा व सुनेचा यात संबंध नाही. नातवाने मला आधी बजावले होते. दगड सोबत परत करीत आहे. जागा माहीत आहे परंतु आपला नियम समजला. मला कोणताही त्रास झालेला नाही, तरी परत करीत आहे. कळावे.’

‘सबब’ या शब्दाशी ईशान अर्धा तास झगडत होता. शेवटच्या वाक्यापाशी त्याने विचारलं, “हे का लिहिलं?” नाना म्हणाले, “नाहीतर त्यांना वाटेल आपलाही कुत्रा आजारी पडला.”

टपाल कचेरीत तिघंही गेलो. खोक्यात दगडाभोवती ईशानने वर्तमानपत्राचे बोळे भरले होते आणि वहीतलं एक पान फाडून घातलं होतं. त्यात काय लिहिलंय ते त्याने दाखवलं नाही. वजन झालं, पैसे दिले, खोकं आत गेलं.

घरी येताना तो म्हणाला, “ढिगात भिंत नसते, पण तिथे सगळे परतच आलेले असतील ना? मग ते एकमेकांना चिकटू शकतात.” वहीत नवा नियम झाला असावा.

नानांचं तिकीट सात जूनचं काढलं. पावसाच्या आत मागच्या पडवीची कौलं परतायची आहेत, म्हणाले. विमानतळावर ईशानने त्यांना विचारलं, “आजोबा, पडवीच्या भिंतीला भेग आहे का?”

“आहे. खिडकीच्या खाली, बोटभर.”

“मग आत तो आहे का बघा.”

“बघतो,” नाना म्हणाले, “आणि कळवतो.”